स्टेशनवर पाणी विकणारी पोर

(आपल्या रेडिओ केंद्रावरून झालेलं भाषण. ज्यांचं ऐकायचं राहिलं त्यांच्यासाठी इथे छापत आहोत.)

जेवणं उरकली असतील. भांडी राहिली असतील तर घासता घासता ऐका, काही बिघडत नाही.

मागच्या महिन्यात एका गटाच्या बैठकीला गेले होते. हप्ते जमा झाले, वहीवर सह्या झाल्या आणि मग गप्पा सुरू झाल्या. एका ताईच्या मुलीला पाहायला पाहुणे येऊन गेले होते. मुलगी बारावी पास, शिवणकाम येतं, बोलायला चुणचुणीत. पाहुण्यांनी पोहे खाल्ले, चहा घेतला आणि दोन दिवसांनी निरोप पाठवला, "मुलगी चांगली आहे, पण रंगाने जरा सावळी आहे." ताई म्हणाली, "शिकवलं, कामाला लावलं, आता रंगाला काय करू?" त्यावर कुणालाच काही बोलता आलं नाही.

मला त्या वेळी एक बाई आठवली. आपल्या देशातली नव्हे, पार समुद्रापलीकडच्या फिलिपाइन्स देशातली. तिचं नाव नोरा औनोर. रंगाने सावळी, उंचीने ठेंगणी, घर गरिबाचं. तिच्या देशात अशी मुलगी सिनेमाची नायिका होऊच शकत नाही, असं सगळे धरून चालले होते. ती नायिका झाली आणि पुढे देशाने तिला आपला सर्वोच्च कलासन्मान दिला. आज तिची गोष्ट सांगते. नुसती सिनेमाची गोष्ट नाही ही. तिने जी कामं केली त्यांत आपल्या ओळखीच्या कितीतरी बाया भेटतात, म्हणून सांगते.

आधी देश कुठे आहे ते समजून घेऊ. फिलिपाइन्स म्हणजे सात हजारांहून जास्त बेटांचा देश. भात, नारळ आणि मासे यांवर जगणारा. तिथे आधी स्पेनचं राज्य होतं, तीनशेहून अधिक वर्षं. त्यानंतर अमेरिकेचं आलं. १९४६ मध्ये देश स्वतंत्र झाला. इतकी वर्षं गोऱ्या माणसांचं राज्य असलं की काय होतं, हे आपल्याला सांगायला नको. राज्य जातं, पण गोरा तो चांगला ही समजूत मागे राहते. तिथल्या सिनेमातही तेच झालं. नायिका उंच हवी, गोरी हवी, नाक धारदार हवं. जिच्या घराण्यात स्पॅनिश किंवा अमेरिकन रक्त आहे तिला आधी मान. सावळी, बसक्या नाकाची मुलगी पडद्यावर दिसलीच तर मोलकरीण म्हणून किंवा नायिकेची मैत्रीण म्हणून.

नोराचा जन्म २१ मे १९५३ चा. गावाचं नाव इरिगा. बिकोल नावाच्या भागात हे गाव आहे, राजधानी मनिलापासून बरंच लांब. घरात खाणारी तोंडं पुष्कळ आणि मिळकत थोडी. गावातून रेल्वे जायची. गाडी थांबली की लहानगी नोरा खिडक्यांपाशी जाऊन प्रवाशांना प्यायचं पाणी विकायची. आपल्याकडेही एसटी थांबली की भाजलेल्या शेंगा, काकड्या घेऊन पोरं धावतात, तशीच ही एक पोर.

पण गळा गोड होता. गाण्याच्या स्पर्धांमध्ये ती भाग घेऊ लागली. एका मावशीने तिला जवळ केलं, तिच्याकडे राहून ती पुढे गेली. औनोर हे आडनावही त्या मावशीच्या घरचं. त्या काळी रेडिओवर आणि दूरचित्रवाणीवर नवशिक्यांच्या गायनस्पर्धा व्हायच्या. 'तावाग नग तांघालान' नावाची अशीच एक गाजलेली स्पर्धा होती. १९६७ मध्ये नोराने ती जिंकली. वय फक्त १४ वर्षं. मग तबकड्या निघाल्या आणि घराघरात तिचा आवाज पोचला. बघा, रेडिओला चेहरा लागत नाही. लोकांनी आधी तिचा आवाज आपलासा केला. तोंडवळा पाहिला तोवर ती त्यांची झाली होती.

त्याच वर्षी एका मोठ्या चित्रपट कंपनीने तिच्याशी करार केला. सुरुवातीचे सिनेमे हलकेफुलके, नाचगाण्यांचे. पण ते पाहायला कोण यायचं? घरकाम करणाऱ्या मुली, बाजारात मासळी विकणाऱ्या बाया, कारखान्यातल्या कामगार. पडद्यावर पहिल्यांदा त्यांना त्यांच्यासारखी दिसणारी मुलगी दिसत होती. तिच्या चाहत्यांना 'नोरानियन' म्हणू लागले. लोक तिला प्रेमाने 'आते गाय' म्हणत. 'आते' म्हणजे त्यांच्या भाषेत मोठी बहीण, आपण ताई म्हणतो तसं. लाखो मोलकरणींची ती ताई झाली.

आता इथे एक गोष्ट नीट लक्षात घ्या. नाव झालं, पैसा आला, तेव्हा ती तेच तेच गोड सिनेमे करत राहिली असती तर कुणी तिला बोल लावला नसता. पण कुठल्या गोष्टी पडद्यावर येतील हे ठरवतो कोण? ज्याचा पैसा लागतो तो, म्हणजे निर्माता. नटीने फक्त सांगितलेलं काम करायचं. नोराने स्वतःची निर्मिती कंपनी काढली. आपण बचत गट का काढतो? सावकाराच्या दारात उभं राहिलं की तो म्हणेल ते मान्य करावं लागतं. स्वतःची पुंजी असली की काय करायचं ते आपण ठरवतो. तिनेही तेच केलं. स्वतःच्या कंपनीतून तिने असे सिनेमे काढले, ज्यांत पैसा घालायला दुसरा कुणी धजावला नसता.

त्यातला एक १९७६ चा. मारिओ ओहारा या दिग्दर्शकाने केलेला. त्याच्या नावाचा अर्थ होतो 'देव नसलेली तीन वर्षं'. दुसऱ्या महायुद्धात जपानी सैन्याने फिलिपाइन्स ताब्यात घेतलं, त्या वेळची ही गोष्ट. नोरा यात खेड्यातली शिक्षिका आहे. जपानी सैन्यातला एक अधिकारी तिच्यावर बलात्कार करतो. तिला दिवस जातात. पुढे परिस्थिती अशी येते की ती त्याच्याशीच लग्न करते. आणि मग गाव काय म्हणतं? अत्याचार झाला तेव्हा मदतीला न आलेलं गाव तिला फितूर ठरवतं. लढाई पुरुषांची, आणि हिशेब मात्र बाईच्या नावावर मांडला जातो. या कामासाठी तिला 'गावाद उरियान' हा समीक्षकांचा पुरस्कार मिळाला. उत्कृष्ट अभिनेत्रीचा तो पहिलाच उरियान पुरस्कार होता.

त्याच वर्षीच्या दुसऱ्या एका सिनेमात ती परिचारिका झाली. फिलिपाइन्समध्ये अमेरिकेचे मोठे लष्करी तळ होते. या परिचारिकेला अमेरिकेला नोकरीसाठी जायचं असतं, सगळी तयारी झालेली असते. तेवढ्यात तळाजवळ तिच्या भावाला एक अमेरिकन सैनिक गोळी घालतो आणि म्हणतो, मला वाटलं रानडुक्कर आहे. माझा भाऊ डुक्कर नव्हता, असं ती ठणकावून सांगते. तो प्रसंग तिथल्या लोकांच्या मनात आजही ताजा आहे.

मग आला १९८० चा 'बोना'. लिनो ब्रोका या मोठ्या दिग्दर्शकाचा, आणि पैसा पुन्हा नोराच्या कंपनीचा. बोना ही चांगल्या घरातली मुलगी सिनेमात किरकोळ कामं करणाऱ्या एका नटाच्या नादाला लागते. घर सोडून झोपडपट्टीत त्याच्याकडे राहायला जाते. त्याचं जेवण, धुणं, सगळं करते. रोज त्याच्या अंघोळीला पाणी तापवते. तो तिच्यासमोर दुसऱ्या बायका आणतो, ती गिळून घेते. शेवटी तो तिला सोडून जायचं ठरवतो, तेव्हा तेच उकळतं पाणी ती त्याच्या अंगावर ओतते. ज्या नटीच्या मागे लाखो लोक वेडे होते, तिने माणसाला देव मानून त्याची पूजा करण्याचा हा सिनेमा काढावा, हे मला फार धीटपणाचं वाटतं. १९८१ मध्ये तो फ्रान्समधल्या कान महोत्सवात दाखवला गेला. २०२४ मध्ये जुनी फिल्म दुरुस्त करून तो तिथेच पुन्हा दाखवला.

आता तिच्या सगळ्यांत नावाजलेल्या कामाकडे येते. १९८२ चा 'हिमाला'. हिमालय पर्वताशी याचा संबंध नाही. टागालोग भाषेत हिमाला म्हणजे चमत्कार. दिग्दर्शक इश्माएल बेर्नाल, लेखक रिकी ली.

कुपांग नावाचं एक गाव. पाऊस नाही, जमीन भेगाळलेली. कुणीतरी शाप दिलाय असं लोक मानतात. एलसा नावाची साधी मुलगी सांगते की ग्रहणाच्या वेळी टेकडीवर मला मेरीमातेने दर्शन दिलं. आधी कुणी विश्वास ठेवत नाही. मग ती आजाऱ्यांना हात लावून बरं करते अशी बातमी फुटते आणि गावात लोंढे येऊ लागतात. ओसाड गावात दुकानं लागतात. पाणी, मेणबत्त्या, मूर्ती, सगळ्यांचा धंदा. गावच्या पुढाऱ्यांची चांदी होते. जो तो तिच्या नावावर कमावतो.

आणि मग एलसा आणि तिची मैत्रीण, दोघींवर बलात्कार होतो. शहरातून आलेला, गावाचा सिनेमा बनवणारा एक माणूस लपून ते पाहतो, पण मधे पडत नाही. मैत्रीण जीव देते. एलसाला दिवस जातात, तर लोक म्हणतात, हाही चमत्कारच! तिचं दुःख काय आहे हे विचारायला कुणी येत नाही, कारण सगळ्यांना ती देवी म्हणूनच हवी आहे. शेवटी पाऊस पडतो. एलसा सगळ्यांना टेकडीखाली बोलावते आणि खरं सांगून टाकते. चमत्कार वगैरे काही नसतो, जे काही आहे ते माणसाच्या मनात आहे, देव आपणच घडवतो आणि शापही आपणच देतो, अशा अर्थाचं ती बोलते. गर्दीतून गोळी सुटते आणि ती कोसळते. चेंगराचेंगरी होते. आणि पुढे? तिच्या मरणानंतरही लोक तिला संत मानून प्रार्थना सुरूच ठेवतात. खरं बोलल्याबद्दल ती गेली, आणि लोकांनी ऐकलं मात्र नाही.

हा शेवटचा प्रसंग उत्तरेकडच्या वाळूच्या टेकड्यांवर चित्रित केला. सुमारे ३००० माणसांची गर्दी होती. एवढ्या गर्दीत एकटी उभी असलेली ही ठेंगणी बाई, तरी नजर तिच्यावरून हलत नाही. तिचा अभिनय डोळ्यांचा, असं सगळे जाणकार सांगतात. ती छाती पिटून रडत नाही. चेहरा जवळजवळ स्थिर, आणि डोळ्यांत मात्र सगळं दिसतं. आपल्याकडे एखादी सासुरवाशीण माहेरच्यांसमोर "बरं आहे माझं" म्हणते आणि तिची आई डोळे पाहून समजून जाते ना, तसं.

'हिमाला' १९८३ मध्ये जर्मनीतल्या बर्लिन महोत्सवाच्या मुख्य स्पर्धेत होता. २००८ मध्ये सीएनएन वाहिनीच्या प्रेक्षकांनी मतं दिली, तेव्हा आशिया-पॅसिफिक भागातला आजवरचा सर्वोत्तम चित्रपट म्हणून त्याचीच निवड झाली.

महोत्सव म्हणजे काय हेही सांगते. आपल्या जत्रेत कुस्त्यांचा फड असतो, गावोगावचे पैलवान येतात, पंच बसतात. तसंच चित्रपट महोत्सवात देशोदेशीचे सिनेमे येतात. आधी निवड होते, मग पंच ते पाहतात आणि बक्षिसं ठरवतात. स्पर्धेत घेतलं जाणं हाच मोठा मान.

असा सर्वांत मोठा मान तिला १९९५ मध्ये इजिप्तच्या कैरो महोत्सवात मिळाला, उत्कृष्ट अभिनेत्री म्हणून. त्या चित्रपटालाही तिथला सर्वोच्च पुरस्कार, सोन्याचा पिरॅमिड, मिळाला. तो सिनेमा एका खऱ्या बाईवर होता. तिचं नाव फ्लोर कोंटेम्प्लासिओन. चार लेकरं गावाकडे ठेवून ही बाई सिंगापूरला घरकामाला गेली. तिथे दुसरी एक फिलिपिनो मोलकरीण आणि एक लहान मुलगा यांच्या खुनाचा आरोप तिच्यावर आला. तिथल्या न्यायालयाने दोषी ठरवलं. ती निर्दोष आहे असं फिलिपाइन्समधल्या असंख्य लोकांना वाटत होतं. देशाच्या अध्यक्षांनी फाशी थांबवण्याची विनंती केली, पण १७ मार्च १९९५ रोजी तिला फाशी झाली. सारा देश रस्त्यावर आला. आपल्या सरकारने या बाईसाठी वेळेवर काय केलं, हा लोकांचा सवाल होता. परराष्ट्र मंत्र्यांना राजीनामा द्यावा लागला. त्याच वर्षी परदेशी काम करणाऱ्या मजुरांच्या रक्षणासाठी नवा कायदा झाला.

नोराने ही फ्लोर उभी केली. तिचा चेहरा तेव्हा सगळ्या मोलकरणींचा चेहरा झाला. आपल्या गोव्यातून, आंध्रातूनही कितीतरी बाया आखाती देशांत घरकामाला जातात. पासपोर्ट मालकाच्या कपाटात, आणि घरी फोन करायला सुट्टीचा दिवस. त्यांची गोष्ट याहून फार वेगळी नाही.

आता तिच्या आयुष्याची दुसरी बाजूही सांगायला हवी. नाहीतर आपणही एलसाच्या गावासारखं करू, माणसाची देवी करून ठेवू. तिचा संसार मोडला. एक मुलगा पोटचा आणि इतर मुलं तिने दत्तक घेतली होती. १९८६ च्या निवडणुकीत तिने हुकूमशहा मार्कोसचा प्रचार केला, त्याचा लोकांना फार राग आला. पुढे ती काही वर्षं अमेरिकेत राहिली. तिथे २००५ मध्ये अमली पदार्थ बाळगल्याच्या आरोपावरून तिला अटक झाली. उपचाराचा कार्यक्रम पूर्ण केल्यावर ते प्रकरण मिटलं. एका शस्त्रक्रियेनंतर तिचा गाण्याचा आवाज गेला. ज्या गळ्याने तिला स्टेशनवरून उचलून वर आणलं, तो गळाच गेला.

लोक म्हणाले, संपली. ती २०११ मध्ये मायदेशी परत आली. २०१२ मध्ये, वयाच्या ५९ व्या वर्षी, तिने ब्रियांते मेंदोझा या दिग्दर्शकाचा सिनेमा केला. नावाचा अर्थ 'तुझं गर्भाशय'. देशाच्या अगदी दक्षिण टोकाला तावी-तावी बेटं आहेत, तिथे पाण्यावर घरं बांधून राहणारे मुसलमान कोळी आहेत. त्यांतली शालेहा ही सुईण. गावाची बाळंतपणं ती करते, पण तिची स्वतःची कूस उजवलेली नाही. नवऱ्याला मूल हवं म्हणून ती स्वतःच होडी वल्हवत त्याच्यासाठी दुसरी बायको शोधत हिंडते, हुंड्याचे पैसे जमवते. शेवटी मुलगी मिळते, पण तिची अट असते, मूल झालं की पहिलीला सोडायचं. आणि ते मूल जन्माला येतं शालेहाच्याच हातात. या सिनेमात नोराला संवाद फार थोडे आहेत. आवाज गेलेल्या बाईने डोळ्यांनीच सगळं सांगितलं. व्हेनिस महोत्सवात स्वतंत्र समीक्षकांचा पुरस्कार, आशिया-पॅसिफिक पुरस्कार आणि हाँगकाँगला आशियाई चित्रपट पुरस्कार, असे तिन्ही उत्कृष्ट अभिनेत्रीचे मान तिला या एका कामासाठी मिळाले.

एवढं झाल्यावरही २०१४ मध्ये 'राष्ट्रीय कलाकार' या सर्वोच्च सन्मानाच्या यादीतून तिचं नाव अध्यक्षांनी गाळलं. कारण दिलं अमली पदार्थांच्या जुन्या प्रकरणाचं. कलाकारांनी, शिक्षकांनी, साध्या चाहत्यांनी निषेध केला. प्रश्न हा होता, की सन्मान कशाचा करायचा, कामाचा की वागणुकीच्या दाखल्याचा? आणि हा दाखला बाईकडूनच जास्त कडकपणे मागितला जातो का? आठ वर्षांनी, २०२२ मध्ये, तो सन्मान तिला मिळाला. १६ एप्रिल २०२५ रोजी, ७१ व्या वर्षी, ती गेली. सरकारी इतमामात, देशातल्या वीरांच्या स्मशानभूमीत तिला पुरलं.

मैत्रिणींनो, नोरामुळे तिथला रंगाचा रोग बरा झाला, असं मी सांगणार नाही. गोरं करणारी मलमं तिथेही विकली जातात, इथेही. पण एक झालं. पाणी विकणाऱ्या, भांडी घासणाऱ्या मुलींना आपला चेहरा पडद्यावर दिसला आणि तो पाहण्यासारखा आहे हे कळलं. आपण आरशात स्वतःला दुसऱ्याच्या डोळ्यांनी पाहतो. ते डोळे बदलायला असं कुणीतरी लागतं.

बैठकीतल्या त्या ताईची मुलगीही तिथेच कोपऱ्यात बसून हिशेबाची वही लिहीत होती. मी तिला नोराची गोष्ट सांगितली. ती ऐकत होती, मग म्हणाली, "मला तो चमत्काराचा सिनेमा बघायचाय." तेवढ्यावरून हे भाषण करायचं ठरवलं.

'हिमाला' गटात पाहायचा असेल तर आधी सांगून ठेवते, त्यात अत्याचाराचा प्रसंग आहे, लहान मुलांना बरोबर बसवू नका. भाषा टागालोग आहे आणि खाली इंग्रजी अक्षरं येतात. गटातल्या कॉलेजला जाणाऱ्या मुलीला शेजारी बसवा, ती वाचून सांगेल.

गटात बोलण्यासाठी चार प्रश्न देते.

एक, आपल्या घरात मुलीच्या रंगाबद्दल पहिला शब्द कोण काढतं? पाहुणे, की आपणच?

दोन, आपल्या गावात कुणाच्या दुःखाचा किंवा श्रद्धेचा धंदा झाला आहे का? त्यात कोणाचा फायदा झाला?

तीन, मूल होत नसेल तर तपासणीला आधी कोणाला पाठवतात?

चार, गावातली कुणी बाहेरगावी किंवा परदेशी घरकामाला गेली असेल तर तिचा पत्ता, मालकाचं नाव आणि पासपोर्टची नक्कल गटाच्या कपाटात आहे का?

चौथ्या प्रश्नाचं उत्तर 'नाही' असेल तर ते काम याच आठवड्यात करा. बाकीच्या तिन्हींवर भांडा, बोला आणि आम्हाला कळवा.